सव्वीस दात्यांचं चक्र

कतारगाम, सूरत
रविवार, ता. २ फेब्रुवारी १९९७

तीर्थस्वरूप रामदासभाऊ यांना धाकट्या साडूचा, म्हणजे धुडकूचा, दोन्ही हात जोडून नमस्कार.

हे पत्र ज्या फळीवर टेकवून लिहितो आहे ती फळी मी केलेली आहे. फळीखालचं घडीचं टेबल मी केलेलं. डोक्यावर फिरतोय तो पंखा (मोटर भंगारातली, पाती तेलाच्या डब्याच्या पत्र्याची, आवाज थोडा आहे, पण वारा कंपनीच्या पंख्यापेक्षा जास्त), दाराची दोन्ही बाजूंनी उघडणारी कडी, टाकी भरली की वाजणारी घंटी, शेवया पाडायचं यंत्र, उंदरांचा पिंजरा (आजवर एकोणचाळीस उंदीर, एकही मेला नाही, सगळे तापीपलीकडे नेऊन सोडले) आणि या क्षणी नाकावर आहे त्या चष्म्याची उजवी काडी, हे सगळं मी स्वतःच्या हाताने केलेलं आहे. शिक्षण चौथी. कुणाच्या हाताखाली उमेदवारी केली नाही. ठाकोरभाईंच्या खात्यात, म्हणजे कारखान्यात, बावन्न यंत्रमाग आहेत, मी तिथला मास्तर, आणि ते सगळे माझ्या कानावर चालतात. डोळे मिटून मधोमध उभा राहिलो तरी कितव्या मागाचा कुठला बोल्ट ढिला झालाय ते सांगतो. एवढं आधीच लिहून ठेवतो, कारण पुढचं वाचल्यावर तुम्हाला माझ्या अकलेबद्दल शंका येईल, आणि ती येण्याआधी ही यादी तुमच्या डोक्यात पक्की बसलेली बरी.

आता खुशाली. तुमचा डावा गुडघा कसा आहे? मी पाठवलेली काठी (मुठीत बॅटरी, बटण अंगठ्याखाली) वापरात आहे की कोपऱ्यात, ते खरं काय ते लिहा. उषाताईंच्या दवाखान्यातल्या ड्यूट्या, दोंडाईच्याच्या बाजारातल्या मिरचीचा खोकला, सगळं नेहमीप्रमाणे असेल. रंजनाची तब्येत कशी आहे? (हा प्रश्न मी शेवटी विचारणार होतो. पेन आधीच गेलं.) माझी तब्येत उत्तम. भाकरी मी स्वतः करतो, गोल होते; फूटपट्टीने मोजली तर आडवी-उभी फार तर एका सुताचा फरक निघेल.

एक विनंती. तुम्ही जन्माचे गुरुजी, त्यामुळे घरी आलेलं पत्र उभं राहून, मागच्या बाकावर ऐकू जाईल अशा आवाजात वाचता, हे मला ठाऊक आहे. हेही वाचा. फक्त कंस आला की आवाज बंद करायचा आणि नुसत्या डोळ्यांनी पुढे जायचं. कंसातलं आपल्या दोघांत.

रंजना तुमच्याकडे उषाताईंची, थोरल्या बहिणीची, आठवण आली म्हणून आलेली नाही. तिने तसं सांगितलं असेल, आणि तुम्ही दोघांनी ते मानल्यासारखं केलं असेल. खरं काय झालं ते मी क्रमाने लिहितो, कारण क्रम चुकला की काय होतं ते मला या महिन्यात चांगलं कळलं आहे.

येत्या वैशाखात माझ्या आणि रंजनाच्या लग्नाला पंधरा वर्षं होतील. मी चव्वेचाळीस, ती छत्तीस पूर्ण. पहिली आठ वर्षं आईने नवस केले. आई गेल्यावर हा विषय काढायचा नाही असं आम्ही दोघांनी न बोलताच ठरवून टाकलं. मग पंच्याण्णवच्या दिवाळीआधी एक दिवस रंजना स्टोव्हची पिन शोधत होती, आणि शोधता शोधताच म्हणाली, ‘आता माझी दोन-चार वर्षंच उरली.’ बस, एवढंच. पिन सापडली, तिने स्टोव्ह पेटवला. मी मात्र त्या दिवशीच कामाला लागलो. घरात एक गोष्ट नाही आणि ती करायला दोन-चार वर्षांची मुदत आहे, असं ऐकल्यावर मी स्वस्थ बसणारा माणूस नाही.

विद्या कुठून मिळवली तेही सांगतो, कारण सगळा घोटाळा तिथूनच आहे. उधना दरवाज्याजवळ एका गाडीवर मी भजी घेतली. ती बांधून दिली होती हिंदी मासिकाच्या पानात. छापील कागद मी कधी टाकत नाही. माझं निम्मं शिक्षण तेलकट आहे. पानाचा वरचा अर्धा भाग फाटलेला, खालचा शाबूत. खाली लिहिलं होतं की बाईच्या अंगात महिन्याला एकच बीज सुटतं, ते चौदाव्या दिवसाच्या सुमाराला, सुटल्यावर ते जेमतेम एक दिवस टिकतं, आणि मूल हवं असणाऱ्या जोडप्याने तो सुमार चुकवू नये. आता हा चौदावा दिवस मोजायचा कुठून? ते वरच्या अर्ध्या भागात असणार, आणि तो भाग माझ्या आधीच्या गिऱ्हाइकाच्या तळलेल्या मिरच्यांबरोबर गेलेला. दुसरा कोणी असता तर त्याने चार लोकांना विचारलं असतं. मी विचार केला.

आमच्या घरची रीत तुम्हाला माहीत आहे. आईच्या वेळेपासून चार दिवस बाईने बाजूला बसायचं. खोली एकच, त्यामुळे रंजना दारापाशी तिच्या गोधडीवर आणि मी स्टोव्हपाशी. पाचव्या दिवशी तिने डोक्यावरून पाणी घेतलं की घर पुन्हा सुरू. ते चार दिवस आम्ही धरतच नाही. त्यात कोणी पाहुणा येऊन गेला तर तोही आल्यासारखा वाटत नाही. यावर मी खात्याचा नियम लावला. मागावरचा बीम संपला, म्हणजे ताण्याच्या दोऱ्यांचा तो मोठा रूळ रिकामा झाला, की नवा चढवतात आणि हजारो दोऱ्यांना एकेक गाठ मारत बसतात. तेवढा वेळ माग बंद. ते तास कापडाच्या मीटरमध्ये कुणी मोजत नाही. गाठी संपल्या, माग धडाडला, की तिथून मीटर एक. तेव्हा पाचव्या दिवसाची अंघोळ म्हणजे एक नंबर. सूरतेतला कुठलाही मास्तर असाच मोजेल.

रंजनाचा फेरा सव्वीस दिवसांचा. (हे तिने मला सांगितलेलं नाही. मला किती दिवसांनी तव्यापुढे बसावं लागतं त्यावरून मी काढलं.) पितळेच्या चकतीवर कानशीने सव्वीस दाते काढले. सव्वीस हा फार वाईट आकडा, वर्तुळाला नीट भागच जात नाही. वीस दिवस कानस चालली. गजराच्या घड्याळाचा रेटा असा जोडला की रोज पहाटे चारला चक्र बरोबर एक दाता पुढे सरकायचं. तेरा, चौदा, पंधरा या तीन दात्यांवर पितळेची जीभ, ती टेकली की दिवा. दोरा तुटला की माग थांबवणारी पत्ती असते, तिच्यावरून ही युक्ती काढली. खात्यात तिथे लाल दिवा लागतो. मी घरचा म्हणून हिरवा लावला, दाराच्या वर, आतून. सव्वा वर्षात घड्याळ चार मिनिटंही मागे पडलं नाही. रंजनाने यंत्र बघितलं, तिच्या पद्धतीने, म्हणजे हात न लावता, आणि विचारलं, ‘एक नंबर कोणता?’ मी सांगितला. ती म्हणाली, ‘ताई तर पहिल्या दिवसापासून मोजा म्हणते. दवाखान्यात तसंच मोजतात.’ मी म्हणालो, ‘ताईंनी आजवर यंत्रं किती बनवली?’ (हे वाक्य उषाताईंच्या कानावर जाता कामा नये. त्यांनी दोन हजार बाळंतपणं केली आहेत हे मला तेव्हा सुचलं नाही.) तिने हेच आणखी दोनदा विचारलं, एकदा होळीला आणि एकदा गौरींच्या वेळी. तिन्ही वेळा मी तिला बीमचं उदाहरण दिलं. तिसऱ्या वेळी सविस्तर दिलं.

आता शिफ्टचं. खात्यात बारा-बारा तासांच्या दोन शिफ्ट, दिवसाची आणि रात्रीची, आणि मास्तर लोकांना आळीपाळीने दोन्ही कराव्या लागतात. हिरव्या दिव्याच्या दिवसांत मी घरी हवा. म्हणून दिवा लागायच्या आधीचे दहा दिवस मी सलग रात्रीच्या शिफ्टला जायचो, स्वतः मागून घ्यायचो, आणि त्या बदल्यात दिव्याच्या दिवसांत रात्री मोकळ्या ठेवायचो. दर फेऱ्याला कारण वेगळं: गावाकडचा माणूस आलाय, डोळ्यांना त्रास आहे, शनी आहे. (त्या मासिकात असंही एक वाक्य होतं की आधी थोडे दिवस संयम ठेवल्यास जोर टिकतो. बॉयलरचा दाब कसा धरतात ते मला ठाऊक असल्याने हे लगेच पटलं.) सात-आठ महिन्यांनी ठाकोरभाईंनी, म्हणजे खात्याच्या शेठनी, मला गाठलं. ‘धुडकूभाई, आ हूं चाले छे, हे चाललंय काय? तुमचा शनी दर सव्वीस दिवसांनी येतो?’ हुशार माणूस. हिशेब त्यांच्याही डोक्यात असतो. मी खरं सांगितलं. ते हसले नाहीत. घरी येऊन यंत्र बघून गेले, चक्र पुन्हा पुन्हा फिरवून बघितलं. त्यांच्या सुनेलाही चार वर्षं झाली होती.

पण ठाकोरभाईंच्या आधी समोरच्या धुरपदाबाई. आमच्या दारावर झरोका आहे आणि हिरवा उजेड त्यातून गॅलरीत पडतो, ही गोष्ट मी दिवा बसवताना धरली नव्हती. पहिल्या दोन फेऱ्यांना धुरपदाबाईंना वाटलं, मी कसलातरी देव बसवलाय. त्यांनी झरोक्याखाली उदबत्तीही लावली. तिसऱ्या वेळी त्यांनी विचारलंच, आणि मी समजावून सांगितलं. समजावताना नमुन्याला खरे आकडे असले की माणसाला पटकन कळतं, म्हणून मी रंजनाचे घेतले. झालं. पुढच्या फेऱ्याला सकाळी नळावर बायका रंजनाला म्हणायला लागल्या, ‘रंजूवहिनी, तुम्ही पुढे या, आज तुमना दिवा शे ना!’ दर फेऱ्याला तीन दिवस तिला रांगेत पहिला नंबर मिळत होता. तिने दुपारी, नळ बारीक झाल्यावर पाणी भरायला सुरुवात केली. मला वाटलं, गर्दी टाळते.

चौदा महिने चाललं हे. सोळा वेळा हिरवा दिवा लागला, आणि तेवढ्याच वेळा काही दिवसांनी रंजना गोधडी उचलून दारापाशी गेली आणि मी तवा मांडला. वर म्हटलं ना भाकरी गोल होते म्हणून? ती त्या सरावाने.

शेवटी डॉक्टरांकडे जायचं तिनेच ठरवलं आणि बारडोलीला जायचं मी ठरवलं. कतारगामात डॉक्टर कमी नाहीत, पण धुरपदाबाईही कमी नाहीत. वीस जानेवारी, सोमवार. डॉक्टरीणबाई वयस्कर, गुजराती, आपल्या लोकांशी बोलून बोलून मराठी बऱ्यापैकी शिकलेल्या. मी माझा तक्ता उघडला. कापडाची डिझाइन काढायच्या चौकटीच्या कागदावर सगळे फेरे काढलेले, साडेतीन फूट लांब. टेबल पुरेना, तेव्हा एक टोक रंजनाने धरलं. बाई बराच वेळ बघत होत्या. मला वाटलं, कौतुक करतील. त्यांनी बोट ठेवून विचारलं, ‘भाई, हा एक कुठला?’ मी बीमचं उदाहरण दिलं. त्यांनी पेन खाली ठेवलं.

‘भाई, पहिला दिवस म्हणजे पहिला दिवस. रक्त आलं तो एक. अंघोळ तो पाच.’

मग त्यांनी माझ्याच तक्त्यावर लाल रेघा मारल्या. सव्वीसचा फेरा असेल तर पुढच्या पाळीपासून चौदा दिवस मागे यायचं, म्हणजे बारावा दिवस, तिथे बीज सुटतं, साधारण. पुरुषाचं बीज आत तीन-चार दिवस, कधी पाचही, जिवंत राहतं. बाईचं एकच दिवस. म्हणून सात ते बारा हे दिवस कामाचे. माझा दिवा लागत होता तो खऱ्या सतराव्या, अठराव्या आणि एकोणिसाव्या दिवशी. ‘गाडी गेल्यावर पाच दिवसांनी तुम्ही सिग्नल देता,’ बाई म्हणाल्या. आणि वर हे सगळं अंदाजाने बोलायचं, कारण शरीर काही घड्याळ नाही, कधी दोन दिवस आधी, कधी दोन दिवस नंतर. मी म्हणालो, म्हणूनच तर यंत्र. त्यांनी माझ्याकडे लक्ष दिलं नाही. त्या रंजनाकडे वळल्या आणि विचारलं, ‘बेन, तुला काही कळतं का त्या दिवसांत?’

भाऊ, पंधरा वर्षांत मी तिला हा प्रश्न विचारलेला नाही. रंजनाने तक्त्याचं टोक सोडलं नव्हतं. ती म्हणाली, कळतं. दर वेळी. एका बाजूला बारीक दुखतं, कधी डाव्या कधी उजव्या. (आणि एक-दोन दिवस पांढरं पाणी जातं, पातळ, ताणलं तर तार निघेल असं. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, तीच खूण, अंड्याच्या पांढऱ्यासारखी. जगातल्या सगळ्या बायकांना फुकट मिळते.) ‘मग?’ बाईंनी विचारलं.

‘मग काय. तेव्हा हे रात्रीच्या शिफ्टला असतात.’

‘दर वेळी?’

‘दर वेळी. मागून घेतात.’

भाऊ, मी बोटांवर मोजलं. दिव्याच्या आधीचे दहा दिवस. खऱ्या मोजणीने सातवा ते सोळावा. बावन्न मागांचा आवाज कानात घेऊन मी नेमका त्याच दिवसांत खात्यात उभा होतो. आपण होऊन, शनी लावून. एकदाही चुकवलं नाही. यंत्रात चार मिनिटांचाही फरक नव्हता ना.

बाईंनी विचारलं, आज कितवा? रंजना म्हणाली, संक्रांतीला मी बाजूला होते, यांनाच तिळगूळ वाटावा लागला, म्हणजे आदला दिवस तेरा तारीख, तो पहिला. म्हणजे वीस तारखेला आठवा. बाईंनी फाईल मिटली. ‘मग इथे काय करता? घरी जा. आज, उद्या, परवा, तेरवा.’ आणि मला एक वेगळी चिठ्ठी दिली. माझी तपासणी. मी ती चार घड्या करून तिकिटाबरोबर वरच्या खिशात ठेवली.

परतीची पॅसेंजर चलथाणला थांबली ती थांबलीच. साखर कारखान्याच्या मळीचा वास डब्यात भरला. रंजना खिडकीशी. तिथूनच म्हणाली, ‘चौदा महिने.’ यावर दुसरा कोणी काय बोलला असता मला माहीत नाही. मी पेन्सिल काढली. तिला म्हणालो, यंत्र बरोबर आहे, फक्त एक नंबर चार दात्यांनी मागे घ्यायचा आणि जीभ सरकवायची, बुधवारपर्यंत करून टाकतो. ती म्हणाली, ‘बुधवार?’ म्हणालो, पितळ कापायला दोन दिवस तरी लागतील. मग तिने माझ्या खिशाकडे बोट केलं. ‘आणि ती चिठ्ठी?’ (मी म्हणालो, माझ्यात काय बिघाड असणार. भाऊ, हे मी बोललो. गाडी हलत नव्हती, नाहीतर चाकांच्या आवाजात गेलं असतं.)

दुसऱ्या दिवशी सकाळी तिने पिशवी भरली. मी म्हणालो, आज नववा दिवस आहे. हे मी तिला सांगत होतो! ती दारात थांबली आणि इतक्या वर्षांत पहिल्यांदा माझ्याशी माहेरच्या बोलीत बोलली: ‘तुम्हना यंत्रले इचारा. मी काय बीम शे?’

आणि गेली. बुधवारी संध्याकाळी यंत्र दुरुस्त झालं. काम फार सुंदर झालं आहे, जीभ कुठे हलवली ते शोधून सापडणार नाही. हिरवा दिवा लागला, बरोबर दहाव्या दिवशी, आणि बारावा संपेपर्यंत चालू होता. धुरपदाबाईंनी गॅलरीतून विचारलं, ‘अरे भो, दिवा लागना, आन बायको कोठे शे?’ मी सांगितलं, दोंडाईच्याला. त्या म्हणाल्या, ‘मंग तठे लाव ना दिवा!’ सगळी गॅलरी हसली. मी खुर्चीवर बसून दिव्याकडे बघत होतो. पंधरा वॅटचा आहे. तीन दिवस भाकरी केलीच नाही.

बाकी सर्व ठीक. सूरतेत थंडी ओसरली. उषाताईंना माझा नमस्कार सांगा आणि त्या दोन हजार बाळंतपणांबद्दल मनापासून आदर आहे हेही सांगा.

तुमचा,
धुडकू

ता.क. : पत्राचा हेतू राहिलाच. हिशेबाने येत्या ८ तारखेला, एक-दोन दिवस मागेपुढे, रंजनाचा पहिला दिवस येईल. तुमच्याकडे बाजूला बसायची रीत नाही, त्यामुळे तुम्हाला कळणार नाही. उषाताईंना हळूच विचारावं लागेल. पत्ता घातलेलं कार्ड सोबत टाचलं आहे, त्यावर फक्त एक आकडा लिहून पेटीत टाकावा. आठ असेल तर चौदा ते एकोणीस हे आमचे दिवस येतात. तेव्हा १३ तारखेच्या सूरत पॅसेंजरला तिला बसवून द्यावं, काहीही कारण सांगून. शनी सोडून.

ता.क. दुसरा : वरचा ता.क. रद्द समजावा. कार्ड काढून घेतलं आहे, टाचणीची भोकं दिसतील. आकडा तिचा आहे. तुम्हाला किंवा उषाताईंना विचारून तो मी घेतला, तर मी पुन्हा भज्यांचाच कागद वाचत बसलो असं होईल. तिला यायचं तर तिने केव्हाही यावं, कितव्याही दिवशी. दिवा काढला आहे, त्या जागी खुंटी बसवली, सागाची. चार दिवस गोधडीवर बसायचं की नाही तेही तिने ठरवावं. तवा मी असाही मांडीन, हात बसला आहे. फेब्रुवारीपासून मी कायमची दिवसाची शिफ्ट घेतली आहे. मास्तरचा रात्रीचा भत्ता जातो. जाऊ दे.

ता.क. तिसरा : चिठ्ठीचं काय केलं ते राहिलं. गेल्या बुधवारी, एकोणतीसला, जाऊन आलो. (बाटली देतात. झाकणाचे आटे वाकडे कापलेले होते, मी त्या पोऱ्याला म्हणालो, कानस असेल तर दे, नीट करून देतो. तो म्हणाला, काका, तुम्ही फक्त तुमचं काम करा. आयुष्यात मला हे वाक्य कोणी म्हटलेलं नाही. दरवाज्याला कडी होती, पण ती एकाच बाजूने उघडणारी. अर्धा तास लागला. माझ्या सगळ्या कामांत हे सर्वांत अवघड.) रिपोर्ट मिळाला आहे, पाकीट बंद आहे. घड्याळाशेजारी उभं करून ठेवलं आहे. आजवर मी बंद वस्तू उघडल्याशिवाय सोडलेली नाही. हे पाकीट रंजनाने उघडावं, आणि आत जे असेल ते तिने मला वाचून दाखवावं.

ता.क. चौथा : कंस मनातल्या मनात वाचा असं मी सुरुवातीला लिहिलं, ते चुकलं. रंजनाला जवळ बसवा आणि पत्र पुन्हा पहिल्यापासून वाचा, उभं राहून, कंसांसकट. उषाताईंनी ऐकलं तरी चालेल. खालचा कंस सगळ्यांत मोठ्याने वाचा.

(शुक्रवारी ठाकोरभाई घरी आले होते. त्यांच्या मेहुण्याचा प्लास्टिकच्या वस्तूंचे साचे बनवायचा कारखाना आहे. यंत्र, त्याचं चित्र आणि माझा तक्ता, सगळं त्यांना हवं होतं. हजार नग काढायचे, दिव्यासकट, आणि औषधाच्या दुकानांतून विकायचे. मी म्हणालो, शेठ, एक नंबर चुकला होता. ते म्हणाले, तो सुधारला ना? म्हणालो, सुधारला, आता मिनिटाला मिनिट बरोबर चालतं. पण ज्या घरात हे बसेल तिथला माणूस बायकोला विचारायचं बंद करील. तुमच्या सुनेला विचारा, तिला कळत असेल. त्यांनी पैशाचं पुडकं फळीवर ठेवलं, याच फळीवर, आणि म्हणाले, विचार करा. मी पुडकं परत त्यांच्या हातात दिलं. रोख, एका हप्त्यात, एकवीस हजार पाचशे रुपये.)